दोन अंगठे आणि एक संवाद : दूरचित्रवाणीवरील चित्रपटसमीक्षा

चित्रपटसमीक्षा हा प्रामुख्याने लिखित माध्यमात विकसित झालेला प्रकार होय. दूरचित्रवाणीवर तिचे स्वरूप कसे पालटले, हे पाहताना अमेरिकेतील जीन सिस्केल व रॉजर ईबर्ट यांचा कार्यक्रम महत्त्वाचा ठरतो. सिस्केल ‘शिकागो ट्रिब्यून’चे, तर ईबर्ट ‘शिकागो सन-टाइम्स’ या प्रतिस्पर्धी दैनिकाचे समीक्षक. १९७५ मध्ये शिकागोच्या सार्वजनिक वाहिनीवर ते एकत्र आले आणि १९९९ मध्ये सिस्केल यांचे निधन होईपर्यंत, कार्यक्रमाचे नाव व निर्माते बदलत गेले तरी, ही जोडी कायम राहिली. नव्या चित्रपटांतील निवडक दृश्ये, त्यांवर वाद आणि शेवटी निर्णय, अशी त्याची रचना होती. १९८६ पासून हा निर्णय अंगठा वर किंवा खाली करून दिला जाऊ लागला.

मुख्य आक्षेप या अंगठ्यावरच आहे. १९९० मध्ये ‘फिल्म कॉमेंट’ या नियतकालिकात रिचर्ड कॉर्लिस यांनी, अशा कार्यक्रमांमुळे समीक्षेचा संकोच होत असल्याची टीका केली. ईबर्ट यांनी तिला तेथेच उत्तर दिले. आक्षेप निराधार नव्हता. जाहिरातींत ‘दोन अंगठे वर’ एवढेच उरे. त्यामागील कारणे गळून पडत.

तथापि १९८७ मधील एक प्रसंग वेगळे सांगतो. एकाच भागात ईबर्ट यांनी कुब्रिक यांच्या ‘फुल मेटल जॅकेट’ला नापसंती दर्शवली आणि ‘बेंजी द हंटेड’ या कुत्र्यावरील बालचित्रपटाला पसंती दिली. सिस्केल यांनी या विसंगतीवर बोट ठेवले. ईबर्ट यांची भूमिका अशी, की चित्रपटाचे मूल्यमापन त्याच्या प्रकाराच्या व उद्दिष्टाच्या संदर्भात व्हावे. केवळ अंगठे पाहणाऱ्यास हा निर्णय हास्यास्पद वाटेल. वाद ऐकणाऱ्यास मात्र मूल्यमापनाचे निकष सापेक्ष असावेत की समान, हा समीक्षाशास्त्रातील मूलभूत प्रश्न गवसतो.

म्हणजेच या कार्यक्रमाचे समीक्षामूल्य निर्णयात नसून मतभेदात होते. जाहिरातदारास एकमत हवे होते. प्रेक्षकाचा लाभ मात्र मतभिन्नतेत होता. वेळेच्या मर्यादेमुळे सखोल विश्लेषण तेथे शक्य नव्हते, हे मान्य करावे लागते. परंतु मताला कारण द्यावे लागते, हा संस्कार त्याने असंख्य प्रेक्षकांवर केला.

१९९८ मध्ये सुरू झालेल्या ‘रॉटन टोमॅटोज’सारख्या संकेतस्थळांनी अनेक समीक्षकांचे कौल एकत्र करून टक्केवारी देण्याची पद्धत रूढ केली. त्यात अंगठ्याचा वारसा चालू राहिला, संवादाचा नाही. रसास्वादाच्या अध्यापनात जतन करायचा आहे तो हा संवादच.