एक गोळी, एक पान आणि खानसाहेबांचा प्रवास

उर्दूत ‘तारीख’ म्हणजे दिनांकही आणि इतिहासही. मराठीत येताना या शब्दाने इतिहास मागे ठेवला, दिनांक तेवढा आणला. डॉ. जयंत नारळीकर (१९३८–२०२५) यांची ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ ही विज्ञानकथा वाचताना आम्हांस हे हटकून आठवते. कारण या कथेत एका तारखेवर सारी तारीख फिरते : १४ जानेवारी १७६१.

कालप्रवास म्हटला की यंत्र हवेच, असा समज एच. जी. वेल्सच्या ‘द टाइम मशीन’ (१८९५) या कादंबरीने रुजवला. वेल्सचा प्रवासी यंत्रावर बसतो, दांडा ओढतो आणि ८०२७०१ सालात पोहोचतो. नारळीकरांनी येथे यंत्रच ठेवलेले नाही. इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत गायतोंडे यांना ट्रकची धडक बसते. त्या वेळी त्यांच्या डोक्यात पानिपतचा विचार घोळत असतो. तेवढ्या निमित्ताने ते अशा हिंदुस्थानात जाऊन पडतात, जेथे विश्वासरावांना गोळी लागलीच नाही, मराठे जिंकले आणि मुंबईपुरतेच इंग्रजांचे राज्य उरले.

येथे काळ बदलतो, पण गंगाधरपंतांची आठवण बदलत नाही. आमच्या मते या कथेचे खरे यंत्र ते हेच. भोवतालच्या प्रत्येकाला एकच इतिहास ठाऊक आहे आणि या एकट्या माणसाला दोन. परतल्यावर पुरावा म्हणून त्यांच्या खिशात ‘भाऊसाहेबांच्या बखरी’चे एक फाटके पान निघते. राजेंद्र देशपांडे हे पात्र पुंजभौतिकीच्या आधारे सारे समजावून देते; परंतु त्या स्पष्टीकरणापेक्षा ते पान अधिक बोलते. ‘बखर’ हा शब्द ‘खबर’वरून आला असे मानतात. दुसऱ्या दुनियेची खबर त्या पानावर येते, ही योजना आम्हांस फार आवडली.

या कथेचे इंग्रजी रूप ‘द अ‍ॅडव्हेंचर’ या नावाने एनसीईआरटीच्या अकरावीच्या ‘हॉर्नबिल’ या पुस्तकात संक्षेपाने घेतले गेले. आमचे पुढचे म्हणणे त्या रूपाला धरून आहे.

गाडीत गंगाधरपंतांना खानसाहेब नावाचे सहप्रवासी भेटतात. मुंबईहून फ्रंटियर मेलने दिल्ली, तेथून लाहोर आणि मग पेशावर, असा आपला मार्ग ते सांगतात. परवा पोहोचेन म्हणतात. वाचकहो, हे वाक्य पुन्हा वाचावे. वाटेत इंग्रजी मुलखाच्या हद्दीवर परवाने तपासले जातात, पण लाहोरच्या वाटेवरच्या हद्दीची दोघांच्या बोलण्यात खूणसुद्धा नाही. फाळणीचा एक शब्द न काढता लेखकाने फाळणी नसलेला देश एका रेल्वेमार्गात दाखवला आहे. सगळ्या कथेत आम्हांस हीच जागा सर्वांत मोठी वाटते.

आणि आमची तक्रारही येथूनच सुरू होते. खानसाहेब मार्ग सांगतात, आपल्या व्यापाराबद्दल बोलतात आणि कथेतून उतरून जातात. इतिहासाच्या प्राध्यापकाला त्यांना एकही खरा प्रश्न विचारावासा वाटत नाही. तुमच्या घरी पानिपत कसे सांगतात, एवढे विचारले असते तरी पुरे होते. पुढे आझाद मैदानावरच्या व्याख्यानात गंगाधरपंत व्यासपीठावर चढतात. अध्यक्षांची प्रथा तेथे कधीच बंद पडलेली असते. हाताशी दुसऱ्या दुनियेची आठवण असताना हा विद्वान अध्यक्षपदाची बाजू मांडत बसतो आणि लोकांची अंडी-टोमॅटो खातो. विनोद उत्तम आहे, आपल्या संमेलनांनाही लागू आहे. पण या हट्टापायी त्यांची आठवण तेथे कोणालाच मिळत नाही.

कुर्रतुलऐन हैदर यांच्या ‘आग का दरिया’ (१९५९) या उर्दू कादंबरीत काळाचा असाच खेळ आहे. तेथे ना धडक, ना यंत्र. गौतम, चंपा, कमाल ही नावे युगायुगांतून परत येतात. गंगाधरपंतांना दोन्ही काळ आठवतात. हैदर यांच्या पात्रांना मागचे जन्म आठवत नाहीत, ते आठवण्याचे काम वाचकावर पडते. शेवटचा कमाल पाकिस्तानात जातो, तेव्हा पहिला कमाल या देशात कसा आला होता हे वाचकालाच आठवते. एका कथेत पेशावरची गाडी सुखरूप निघते, दुसऱ्या कादंबरीत ती वाट तुटते. दोन्ही शेजारी ठेवून वाचाव्यात.

सातवीच्या वर्गात पानिपत शिकवताना एका मुलाने आम्हांस विचारले होते, “सर, पानिपत में हम किस तरफ थे?” वर्ग गप्प झाला. आम्ही फळ्यावर नाव लिहिले : इब्राहीमखान गारदी. भाऊंच्या तोफखान्याचा आणि कवायती पायदळाचा हा सरदार. शेवटपर्यंत त्याने भाऊंची बाजू सोडली नाही; जखमी होऊन पकडला गेला आणि अब्दालीच्या गोटात मारला गेला. मुलगा खाली बसला, पण त्याचा प्रश्न आमच्याकडेच राहिला.

पाठ्यपुस्तकातल्या कथेत गारद्याचे नाव नाही. विश्वासरावांची गोळी चुकली, पानिपत जिंकले, तर तोही वाचला असता ना? त्या दुसऱ्या हिंदुस्थानात त्याच्या नातवंडांना हा प्रश्न पडलाच नसता. ‘जर-तर’चा इतिहास रचणाराने गोळी कोणाची चुकवायची हे ठरवताना आठवण कोणाची राखायची हेही ठरवलेले असते. नारळीकरांनी खानसाहेबांना गाडीत जागा दिली, त्याबद्दल आम्ही त्यांचे ऋणी आहोत. त्या गाडीत खानसाहेबांना बोलते करण्याचे काम मात्र अजून राहिले आहे. ते आपल्यातल्याच एखाद्या कथाकाराने हाती घ्यावे.