वसंत सबनीस : जागा सोडून लिहिणारा लेखक

आमच्या शिक्रापुरात चाकण चौकातल्या टपरीवर ‘अशी ही बनवाबनवी’चे संवाद आजही ऐकू येतात. सत्तर रुपयांचा विषय निघाला, की पुढचे वाक्य कुणीतरी पुरे करतोच. नटाची नक्कलही होते. हे लिहिले कुणी, असे विचारले की मात्र सगळे गप्प. लिहिले वसंत सबनीसांनी (१९२३–२००२). हा विसर का पडला, ते पाहू.

सबनीसांच्या ‘छपरी पलंगाचा वग’मधून १९६५ साली ‘विच्छा माझी पुरी करा’ उभे राहिले. कोतवालाची जागा रिकामी होते आणि तिच्यासाठी कारस्थाने सुरू होतात. राजा जुना, वशिला आणि बढतीची हाव मात्र आजची. तमाशाच्या बतावणीत नट समोरचा प्रेक्षक आणि त्या दिवसाची बातमी पाहून बोलतो. सबनीसांनी ती मोकळीक वगात राखली. दादा कोंडके यांनी ती अशी भरली, की लोकांना दादाच आठवतात. दादांच्या ‘सोंगाड्या’चे (१९७१) लेखनही सबनीसांचेच. मी तो जत्रेतल्या तंबूत पाहिला. श्रेयनामावली सरकत होती, तेव्हा मी बसायला जागा शोधत होतो.

मग सारे श्रेय नटांचेच का? ‘बनवाबनवी’ (१९८८) ही याची खरी कसोटी, कारण तिथे गोष्टसुद्धा सबनीसांची नाही. ती हृषीकेश मुखर्जींच्या ‘बीवी और मकान’ (१९६६) या हिंदी चित्रपटावर बेतलेली. तरी घरमालक सरपोतदार म्हटले, की आपल्यासमोर पुण्याचा वाडा येतो. लीलाबाईंचे आडनाव काळभोर, म्हणजे थेट लोणी काळभोरची आठवण. उसनी गोष्ट अशी नावांतून आणि बोलण्याच्या ढंगातून इथली होते. हे काम नटाचे नव्हे, लेखकाचे.

दुसरे असे, की सबनीसांचा विनोद अडचणीतून येतो. चार तरुणांना डोक्यावर छप्पर हवे आणि बाई जोडप्यांनाच जागा देणार. म्हणून दोघे साडी नेसतात. एक खोटे झाकायला दुसरे लागते. सणसवाडी-रांजणगावच्या कारखान्यांत कामाला आलेली पोरे आमच्याकडे खोली शोधतात, तेव्हा ‘फक्त फॅमिलीला’ हेच उत्तर त्यांना मिळते. टपरीवर सर्वांत मोठ्याने हसतात ती हीच पोरे.

उणीवही सांगायला हवी. ज्या स्त्रिया फसवल्या जातात, त्यांची बाजू या हास्यात फारशी येत नाही. साडीतल्या पुरुषाची गंमतही आता लांबल्यासारखी वाटते.

तरीही, नटासाठी जागा सोडणे हे लेखनातले कसब आहे, लेखनातली कमतरता नव्हे. आपण विनोदी कथा आणि नाटकांचा इतिहास लिहितो. पटकथा मात्र नटांच्या आठवणींत जमा करतो. सबनीस त्या हिशेबात हरवले. टपरीवर ते रोज बोलले जातात. आता त्यांचे नावही घेतले जावे.