पडद्यामागे बसलेले गाव

समीक्षा कशाची करावी याबद्दल आपल्याकडे काही संकेत ठरून गेले आहेत. कवितेची, कादंबरीची, नाटकाची समीक्षा होते. चित्रपटाचीही अलीकडे गंभीरपणे होऊ लागली आहे. सहलीची समीक्षा कोणी करीत नाही. पण ज्या सहलीत एक माणूस पुढे चालतो, दहा-बारा माणसे त्याच्या मागून चालतात, आणि तो हात करील तिकडे पाहतात, ती सहल म्हणजे एक कथनच असते. त्या कथनाला निवेदक असतो, नायक असतो, काय सांगायचे आणि काय गाळायचे याचा निर्णय असतो. जिथे निवड आहे तिथे मूल्यदृष्टी आहे, आणि जिथे मूल्यदृष्टी आहे तिथे समीक्षेला जागा आहे. म्हणून वाईजवळच्या मेणवलीत मी जी पायी सहल केली, तिचा विचार एखाद्या पुस्तकाचा करावा तसा करणार आहे.

सहलीचा विषय होता चित्रपटांची चित्रीकरणस्थळे. कृष्णेचा घाट, नाना फडणिसांचा वाडा, मेणेश्वराचे देऊळ, वसईच्या मोहिमेतून आलेली म्हणून दाखवली जाणारी पोर्तुगीज घंटा, असा मार्ग. गाईड बावीस-तेवीस वर्षांचा, बोलका, तयारीचा मुलगा होता. प्रत्येक थांब्यावर तो मोबाइलवर चित्रपटातले दृश्य दाखवी, मग बोटाने जागा दाखवी, मग फोटोसाठी उभे कुठे राहायचे ते सांगे. 'स्वदेस' (२००४) इथला, 'गंगाजल' (२००३) इथला. पुढे वाई परिसरात 'इश्किया' आणि 'दबंग' (दोन्ही २०१०), 'चेन्नई एक्सप्रेस' (२०१३). यादी लांब आहे आणि लोकांना ती तोंडपाठ होती. 

या यादीतच पहिली विचार करण्यासारखी गोष्ट आहे. 'स्वदेस'मधले चरणपूर उत्तर प्रदेशातले. 'गंगाजल' बिहारमधले, त्यामागे १९७९-८० मध्ये भागलपुरात पोलिसांनी आरोपींचे डोळे फोडून त्यांत अ‍ॅसिड ओतले, ती भयंकर घटना. 'इश्किया' आणि 'दबंग' पुन्हा उत्तर प्रदेशात घडतात, तर 'चेन्नई एक्सप्रेस'ला तमिळ खेडे हवे होते. म्हणजे वाई-मेणवलीने बिहार केला, उत्तर प्रदेश केला, तामिळनाडू केला. स्वतःची भूमिका मात्र तिला या यादीत कुठेच मिळालेली नाही. हे कसे जमते? गाईडचे उत्तर तयार होते: मुंबईहून रस्ता सोयीचा, नदी आहे, डोंगर आहे, जुने दगडी बांधकाम आहे. ते खरेच आहे. पण ते अपुरे आहे. खरे कारण असे की हिंदी चित्रपटाच्या डोक्यात एकच भारतीय खेडे आहे: मध्ये देऊळ, देवळाखाली घाट, घाटाच्या वर वाडा. ही त्रयी जिथे सापडेल ते 'गाव'. भाषा बदला, फेटा बदला, गाव तेच. या खेड्याला वेस आहे. वेशीबाहेर काही नाही.

आता हा वाडा आणि हा घाट काय आहे? पेशवाईच्या उत्तरकाळातल्या सर्वांत समर्थ कारभाऱ्याने बांधलेली ही वास्तू आहे. नाना फडणीस १८०० मध्ये वारले. त्यांच्या बुद्धीबद्दल, राजकारणाबद्दल मराठी इतिहासकारांनी पुष्कळ लिहिले आहे आणि गाईडनेही ते दोन वाक्यांत सांगितले. मात्र ज्या राज्याचा कारभार त्यांनी चालवला, त्या राज्यात अस्पृश्याने पुण्याच्या रस्त्यावरून चालायचे तर थुंकी पडू नये म्हणून गळ्यात मडके आणि पाऊल पुसले जावे म्हणून कमरेला झाडू बांधून चालायचे. बाबासाहेबांनी 'जातिनिर्मूलन'मध्ये (१९३६) या प्रथेचा उल्लेख केला आहे, तो पेशव्यांच्या राजधानीचे नाव घेऊन. म्हणजे चालणे ही आपल्या समाजाच्या दृष्टीने कधीच निर्हेतुक, हौसेची क्रिया नव्हती. कोणी कोणत्या रस्त्याने, कोणत्या वेळी, सावली कुठे पाडत चालायचे, हे ठरलेले होते. त्याच राज्यकर्त्यांच्या घाटावर आज तिकीट काढून आपण मोकळेपणाने चालतो, हा बदल लहान नाही. तो बदल कोणी आणि कसा घडवला, हा या घाटावरचा सर्वांत मोठा विषय असायला हवा होता. दीड तासाच्या त्या सहलीत त्यावर एक शब्द नव्हता.

मी गाईडला विचारले, "गावातली बौद्धवस्ती कुठल्या अंगाला?" त्याने हात लांब केला आणि म्हणाला, "तिकडे शूटिंग झालेलं नाही, काका." त्याच्या स्वरात तुच्छता नव्हती. तो आपल्या कामाशी प्रामाणिक होता. चित्रीकरण झालेल्या जागा दाखवण्याचे त्याला पैसे मिळत होते. पण या वाक्यात त्या सहलीचे सगळे सौंदर्यशास्त्र येऊन जाते. जिथे कॅमेरा गेला ते स्थळ. जिथे गेला नाही ते नुसती जमीन. गावकुसाची जुनी भिंत पडली असेल, परंतु तिची आखणी कॅमेऱ्याने जशीच्या तशी उचलली आहे आणि आता सहल तीच पायांनी गिरवते आहे.

याला अर्थकारणाची बाजूही आहे. चित्रीकरणाने खेड्यात पैसा येतो हे नाकारण्यात अर्थ नाही. गर्दीत उभे राहणाऱ्यांना दिवसाची मजुरी मिळते, गाड्या, जेवण, सामानाची ने-आण यांतून काहींचा धंदा चालतो, आणि आता या मुलासारख्यांना गाईडचे काम मिळते. पण मजुरी वेगळी आणि भाडे वेगळे. भाडे देखण्या वास्तूचे मिळते, आणि देखणी वास्तू कोणाकडे असते? ज्यांच्याकडे इनाम होते, वतन होते, दगड घडवून घेण्याइतकी सत्ता होती, त्यांच्या मागे ती राहिली. ज्यांनी दगड फोडला, वाहिला, चढवला त्यांच्या मागे वास्तू राहिली नाही. त्यांच्या झोपडीला ना टिकाऊपणा होता ना नाव. म्हणून शंभर वर्षांपूर्वीची सामाजिक मालकी आज 'लोकेशन'चे भाडे होऊन पुन्हा त्याच उतरंडीने वाटली जाते. 'प्राचीन वैभव' असा शब्द वापरताना हा हिशेब विसरता कामा नये.

'स्वदेस'बद्दल मात्र न्यायाने बोलले पाहिजे, कारण या यादीतल्या चित्रपटांपैकी जातीकडे सरळ पाहण्याचा प्रयत्न त्याने केला आहे. विणकाम परवडत नाही म्हणून शेतीकडे वळलेला हरिदास आणि धंदा बदलला म्हणून त्याच्यावर पडलेला गावाचा बहिष्कार, हा प्रसंग त्यात आहे. त्याहून महत्त्वाचा प्रसंग गावातल्या चित्रपटाच्या खेळाचा आहे. मैदानात पडदा उभा आहे. पडद्यासमोर वरच्या जातींचे लोक बसले आहेत. खालच्या जातींचे लोक पडद्यामागे बसून तेच चित्र उलटे पाहत आहेत. वीज जाते, नायक ताऱ्यांचे गाणे म्हणतो आणि पडदा खाली येतो. दोन्हीकडचे लोक एकमेकांना दिसतात. चित्रपटाने चित्रपटाविषयी केलेले हे अत्यंत अर्थपूर्ण विधान आहे. पण प्रश्न असा पडतो: पडदा कोणी काढायचा? मागे बसलेल्यांपैकी एकही जण उठत नाही. अमेरिकेहून आलेला, 'भार्गव' आडनावाचा, नासातला इंजिनियर तो काढतो. मागे बसलेल्यांनी कृतज्ञ व्हायचे. त्यांच्या हातात गाण्याची साथ आहे, कृती नाही.

आमच्या गाईडने 'स्वदेस'मधली तीन-चार दृश्ये दाखवली. हे दाखवले नाही. फोटोसाठी त्याचा उपयोग नव्हता.

त्याच चित्रपटातला आणखी एक प्रसंग अनेकांच्या डोळ्यांत पाणी आणतो. गाडी एका स्टेशनवर थांबते, एक मुलगा पाणी विकत असतो, आणि आजवर बाटलीतलेच पाणी पिणारा नायक त्याच्याकडून पाणी घेऊन पितो. तेथून त्याचे मन बदलते. मेणवली सातारा जिल्ह्यात आहे आणि याच जिल्ह्यात स्टेशनावरच्या पाण्याचा दुसरा एक प्रसंग घडलेला आहे. १९०१ साली साताऱ्याहून वडिलांना भेटायला गोरेगावला निघालेला लहान भीमराव आणि त्याच्याबरोबरची मुले मसूर स्टेशनवर उतरली. स्वच्छ कपड्यातली मुले पाहून स्टेशनमास्तरने चौकशी केली; जात कळताच तो मागे सरला. गाडीवाला मिळेना. अखेर दुप्पट भाडे घेऊन एक तयार झाला, तोही या अटीवर की गाडी मुलांनी हाकावी आणि तो बाजूने पायी चालेल. डब्यात जेवण होते. पाणी कोणी दिले नाही. रात्र तशीच गेली. बाबासाहेबांनी 'वेटिंग फॉर अ व्हिसा'मध्ये हा अनुभव स्वतः लिहून ठेवला आहे. एका स्टेशनवर पाणी घेणाऱ्याचे हृदयपरिवर्तन होते. दुसऱ्या स्टेशनवर पाणी न मिळालेला मुलगा पुढे, २० मार्च १९२७ रोजी, हजारो माणसांना घेऊन महाडच्या चवदार तळ्यापर्यंत चालत जातो. यातले कोणते दृश्य अधिक मोठे आहे? वाईहून महाबळेश्वर चढून पलीकडे उतरले की पोलादपूर आणि पुढे महाड. अंतर फार नाही. पण मसूरही त्या सहलीच्या नकाशावर नव्हते आणि महाडही नव्हते. पाण्याच्या काठावर उभे राहून पाण्याचा इतिहास न सांगणे हे मोठे कौशल्याचे काम आहे.

कोणी म्हणेल, ही चित्रपटाची सहल होती, समाजसुधारणेची नव्हती. ठीक आहे; चित्रपटाच्याच इतिहासात राहू. मल्याळम भाषेतला पहिला चित्रपट जे. सी. डॅनियल यांचा 'विगतकुमारन'. १९३० च्या सुमारास तो तिरुवनंतपुरमला दाखवला गेला. त्यातल्या नायर स्त्रीची भूमिका पी. के. रोझी या दलित स्त्रीने केली होती. दलित स्त्रीने पडद्यावर नायर स्त्री व्हावे, हे सवर्ण प्रेक्षकांना सहन झाले नाही. दगडफेक झाली, आणि रोझीला गाव सोडून पळून जावे लागले. पुन्हा ती पडद्यावर आली नाही. बिहारच्या खेड्याची भूमिका मेणवलीने केली तर कौतुक होते. नायर स्त्रीची भूमिका दलित स्त्रीने केली तर दगड पडतात. स्थळाने सोंग घेतलेले चालते, माणसाने जात ओलांडलेली चालत नाही.

त्यानंतर सुमारे ऐंशी वर्षांनी नागराज मंजुळे यांच्या 'फँड्री'त (२०१३) एक दगड उलट दिशेने येतो. जब्याचे कुटुंब डुक्कर पकडत आहे आणि गाव कडेला बसून गंमत पाहत आहे. डुक्कर उचलून नेताना मागे शाळेची भिंत येते. तिच्यावर बाबासाहेब, फुले, सावित्रीबाई यांची चित्रे आहेत. या भिंतीकडे बोट करून कोणाला 'इथे उभे राहा, फोटो काढा' म्हणता येईल? येणार नाही, कारण त्या दृश्यात कडेला उभे राहून पाहणारे लोक म्हणजेच आपण असतो, आणि जब्याचा शेवटचा दगड सरळ पाहणाऱ्याकडे येतो. ज्या चित्रपटात स्थळ हे नुसती पार्श्वभूमी नसून आरोप असते, त्या चित्रपटाची सहल निघणे अवघड आहे. 'सैराट'नंतर (२०१६) करमाळा परिसरात लोक जागा पाहायला गेले, ते प्रेमाच्या जागा पाहायला गेले. त्या प्रेमाचा शेवट ज्या ओट्यावर आणि फरशीवर झाला, त्याचे आकर्षण कोणाला असणार?

याचा अर्थ स्थळे पाहू नयेत असा मी काढत नाही. उलट, स्थळ पाहण्याची आपल्याइतकी मोठी परंपरा आज महाराष्ट्रात थोड्यांकडेच असेल. ६ डिसेंबरला दादर स्टेशनवरून चैत्यभूमीकडे चालणारी माणसे, राजगृहासमोर थांबणारी माणसे, नागपूरला दीक्षाभूमीवर आणि महाडला तळ्याच्या पायऱ्यांवर मुलांना हाताशी धरून नेणारी आईबापे: हीसुद्धा पायी सहलच आहे. तिथे तिकीट नाही. गाईड म्हणजे बहुधा घरातलीच आजी असते. ती मुलाला सांगते की इथे काय घडले आणि ते घडण्यापूर्वी आपण कुठे उभे होतो. स्थळाला अर्थ येतो तो या दुसऱ्या वाक्याने. मेणवलीच्या सहलीत ते दुसरे वाक्य नव्हते.

ते घालता येईल. वाई-साताऱ्याच्या आपल्या शिकलेल्या मुलांनी हे काम हाती घ्यावे. त्यांनी गाईड व्हावे, आहे तो घाट दाखवावा, 'स्वदेस'चे दृश्यही दाखवावे. पण पडद्यामागे बसलेल्यांचे दाखवावे. मग विचारावे: हा दगड कोणी घडवला? या पायऱ्यांवर कोणाला उतरता येत नव्हते? वेशीबाहेरच्या वस्तीकडे कॅमेरा का वळला नाही? आणि तेथून सातारच्या त्या शाळेत न्यावे, जिथे ७ नोव्हेंबर १९०० रोजी भिवा रामजी आंबेडकर हे नाव दाखल झाले. त्या दिवसाला महाराष्ट्र शासनाने २०१७ पासून विद्यार्थी दिवस म्हटले आहे. तेथून मसूर. पाहणारे कमी होतील. फोटो कमी निघतील. पण जे येतील त्यांना हे कळेल की पडदा खाली ओढायला कोणी नासातून यावे लागत नाही. पडद्यामागे बसलेल्या एकाने उठून पुढे चालायला लागले की पुरे. महाडला तेच झाले होते.