जतन, विलोपन आणि पुनरारंभ : हातातील जुन्या व्हिडिओ खेळाच्या संहितेचा विचार

बीजशब्द : व्हिडिओ खेळ, संहिता, स्मृती, पुनरारंभ, गिरणगाव

प्रस्तावना

मराठी समीक्षेने नाटक, चित्रपट, तमाशा आणि अलीकडे दूरचित्रवाणी मालिका यांचा कमी-अधिक गांभीर्याने विचार केलेला आहे. व्हिडिओ खेळ मात्र तिच्या कक्षेबाहेरच राहिला. त्याची चर्चा झालीच तर ती मुलांच्या डोळ्यांच्या आणि वार्षिक परीक्षेच्या काळजीपोटी झाली. वस्तुतः १९९०नंतर शहरी मराठी घरांत वाढलेल्या पिढीतील अनेकांना नियम, अपयश आणि पुन्हा प्रयत्न या गोष्टींची पहिली ओळख याच माध्यमाने करून दिली. प्रस्तुत लेखात या माध्यमातील एकाच कृतीचा विचार केला आहे. ती कृती म्हणजे जतन केलेली प्रगती खेळाडूने स्वतःच्या हाताने पुसणे आणि खेळ पहिल्यापासून सुरू करणे. कृती क्षुल्लक वाटते. परंतु वाचक, संहिता आणि स्मृती यांच्या संबंधांविषयी समीक्षेत गृहीत धरलेल्या काही गोष्टी ती अडचणीत आणते, म्हणून तिची दखल घेणे अगत्याचे ठरते.

स्मृती नसलेला खेळ

करी रोड स्थानकाच्या आसपासच्या चाळींत १९९०नंतरच्या दशकात हातात धरून खेळायचा व्हिडिओ खेळ पोहोचला तो बहुतांशी 'ब्रिक गेम' या नावाने. दोन पेन्सिल सेलवर चालणारे, राखी पडद्यावर काळे चौकोन दाखवणारे, 'नऊ हजार नऊशे नव्याण्णव खेळ एकात' असा अवास्तव दावा करणारे हे स्वस्त चिनी यंत्र फुटपाथवर आणि जत्रेत मिळे. अलेक्सेई पाजित्नोव्ह यांनी १९८४ मध्ये मॉस्कोत रचलेल्या 'टेट्रिस'चीच ती बिनानावाची संतती होती. एका खोलीच्या घरात असे यंत्र एका मुलाचे नसते. ते घराचे असते, आणि गॅलरीत बसून खेळले गेले तर मजल्याचे असते. 'एक डाव तुझा, एक माझा' हा त्याचा अलिखित नियम.

या यंत्राला कायमची स्मृती नव्हती. सर्वाधिक गुणांचा आकडा सेल असेपर्यंत टिके. सेल काढले, किंवा कोणी मागच्या बारीक छिद्रात काडी घातली, की आकडा शून्यावर येई. त्यामुळे पराक्रमाची नोंद यंत्रात नव्हे, साक्षीदारांच्या तोंडी राही. 'याने काल एवढे केले होते' असे सांगणारा कोणी नसेल तर पराक्रमच झाला नाही. गोट्या, विटी-दांडू आणि लगोरीच्या परंपरेला हे फारसे परके नव्हते; तेथेही डाव मोडला की मोडला. या यंत्राने मराठी मुलाला नवे साधन दिले, कालाचा नवा अनुभव दिला नाही. तो अनुभव दुसऱ्या प्रकारच्या खेळाने दिला.

कायमचे आणि पुसता येण्याजोगे

जपानच्या निन्टेन्डो कंपनीचे 'गेम बॉय' हे यंत्र १९८९ मध्ये आले. त्यावरील 'पोकेमॉन' या खेळाच्या पहिल्या आवृत्त्या जपानमध्ये फेब्रुवारी १९९६ मध्ये प्रसिद्ध झाल्या. 'रेड' आणि 'ब्लू' या नावांनी तो १९९८ मध्ये अमेरिकेत पोहोचला. मुंबईत मूळ यंत्र फार थोड्यांच्या हाती आले. परदेशातील नातेवाइकाने आणलेले, जुन्या बाजारात मिळालेले, आणि पुढे संगणकावर अनुकरणाने चालवलेले अशा वाटांनी हा खेळ येथे खेळला गेला.

या खेळाच्या कार्ट्रिजमध्ये दोन प्रकारची स्मृती असते. खेळाची संहिता, म्हणजे त्यातील गावे, माणसे, संवाद, संगीत आणि नियम, कायमच्या स्मृतीत कोरलेली असते. खेळाडूला ती पुसता येत नाही. दुसरी स्मृती बदलती असते आणि नाण्याएवढ्या लिथियम सेलच्या आधारावर जिवंत राहते. तीत खेळाडूने काय केले याची नोंद असते : त्याचे नाव, त्याने पकडलेले जीव, त्या जीवांना त्याने ठेवलेली नावे, घालवलेले तास. आणि ही नोंद एकाच खेळाडूची, एकाच वेळी एकच राहू शकते. याच यंत्रावरील 'झेल्डा' मालिकेतील १९९३च्या खेळात तीन नोंदींना जागा होती; 'पोकेमॉन'मध्ये नाही. दुसऱ्याला आरंभ करायचा असेल तर पहिल्याने जायला हवे.

ग्रंथालयातील जुन्या कादंबरीच्या समासात आधीच्या वाचकाच्या पेन्सिलीच्या खुणा असतात. कादंबरी पुन्हा वाचायची तर त्या खोडाव्या लागत नाहीत. उलट पुनर्वाचनाला त्यांची सोबतच होते. या खेळात मात्र पुनर्वाचनाची अटच अशी आहे की समासातील सर्व खुणा आधी खोडाव्यात. एस्पेन आर्सेथ यांनी 'सायबरटेक्स्ट' (१९९७) या ग्रंथात, ज्या संहितेतून वाट काढण्यासाठी वाचकाला खरोखरीचे श्रम करावे लागतात तिचा वेगळा वर्ग कल्पिला. त्यांचे विवेचन मोलाचे आहे. तथापि त्या श्रमांचे पुढे काय होते, ते कोठे साठतात आणि कोण ते नष्ट करू शकतो, हा प्रश्न त्यांच्या मांडणीत दुय्यम राहतो. येथे तोच मुख्य आहे.

पुसण्याची रीत

जतन केलेली नोंद पुसण्याची सोय खेळाच्या यादीत दिसत नाही. शीर्षकाच्या पडद्यावर 'वर', 'सिलेक्ट' आणि 'बी' ही तीन बटणे एकाच वेळी दाबावी लागतात. चुकून तीन बोटे अशी पडत नाहीत. त्यानंतर सर्व नोंद पुसावी काय, असा प्रश्न येतो, आणि निवडीचा काळा बाण आधी 'नाही'वर उभा असतो. 'होय'पर्यंत तो खेळाडूला स्वतः न्यावा लागतो. अन्यत्र होय-नाहीची निवड करताना बाण सामान्यतः 'होय'वर असतो, हे लक्षात घेतले म्हणजे रचनाकारांनी या एका ठिकाणी क्रम मुद्दाम उलटा ठेवला, हे उघड होते.

दुसरी वाट अधिक विचार करण्याजोगी आहे. जुनी नोंद असतानाही 'नवा खेळ' निवडता येतो. तेव्हा काहीच पुसले जात नाही. खेळाडू नवे नाव घेतो, नवा जीव निवडतो, गावाबाहेर पडतो, तासन् तास खेळतो. आणि एवढा सारा वेळ जुना खेळाडू सेलच्या आधारावर तसाच असतो. यंत्र बंद केले तर तो परत येतो, नवा नाहीसा होतो. नव्याला टिकायचे असेल तर त्याने जतन करायला हवे, आणि त्याच क्षणी खेळ विचारतो : जुनी नोंद पुसली जाईल, चालेल काय? म्हणजे येथे विलोपन आणि जतन या दोन क्रिया नाहीत, ती एकच क्रिया आहे. कथात्म साहित्यात असा क्षण लेखकाला रंगवावा लागतो. येथे तो वाचकाच्या अंगठ्याखाली येतो. अनेक प्रतिष्ठित खेळांच्या कथानकांत नसलेले नाट्य या एका वाक्यात आहे, असे म्हणण्यास प्रत्यवाय नसावा.

नवा गडी, नवे राज्य

विलोपनापूर्वी जाणते खेळाडू एक युक्ती करीत. दोन यंत्रे तारेने जोडून जिवांची देवाणघेवाण करता येत असे. आवडता जीव मित्राच्या कार्ट्रिजमध्ये पाठवायचा, आपली नोंद पुसायची, नव्याने आरंभ करायचा आणि मग तो जीव परत मागून घ्यायचा. बाहेरगावी जाताना शेजारच्या खोलीत किल्ली ठेवण्याच्या चाळीतील रिवाजासारखेच हे आहे. शेजार नसेल, म्हणजे दुसरे यंत्र, तार आणि विश्वासाचा मित्र नसेल, तर ही सोय नाही.

परंतु परत आलेला जीव खेळाडूला ओळखत नाही. प्रत्येक आरंभाच्या वेळी खेळ खेळाडूला एक यदृच्छेने निवडलेला ओळख क्रमांक देतो, आणि पकडलेल्या जिवावर तो क्रमांक कायमचा उमटतो. नव्या आरंभात नाव अक्षरशः तेच लिहिले तरी क्रमांक सहसा वेगळाच पडतो. परिणामी स्वतःच वाढवलेला, स्वतःच नाव ठेवलेला जीव आता परक्याचा गणला जातो. त्याची पातळी जास्त असेल आणि नव्या खेळाडूकडे पुरेशी पदके नसतील तर तो आज्ञाही मानत नाही. मराठीत 'नवा गडी, नवे राज्य' म्हणतात ते गडी खरोखरच नवा असतो म्हणून. येथे गडी जुनाच आहे, त्याला सारे रस्ते पाठ आहेत, पण राज्य त्याला नवा मानते.

'सौंदर्यमीमांसा' (१९७४) या ग्रंथात रा. भा. पाटणकर यांनी सौंदर्याची संकल्पना द्विध्रुवात्मक असल्याचे प्रतिपादिले. एका ध्रुवावर कलाकृतीचे स्वायत्त, अलौकिक विश्व. दुसऱ्यावर तिचे लौकिक जीवनाशी असलेले नाते. प्रस्तुत खेळात या दोन ध्रुवांमधील तणाव एका क्रमांकात साठला आहे. स्वायत्त विश्वाच्या हिशेबी मागचे काही घडलेलेच नाही. लौकिक माणसाच्या हिशेबी सर्व काही घडले आहे. पुनरारंभ म्हणजे मूळ आरंभाकडे परतणे, ही समजूत म्हणूनच तपासावी लागते. परतणारा पहिल्यासारखा अजाण नसतो, आणि खेळ त्याला पूर्वीचा म्हणून स्वीकारत नाही.

येथे गणेशविसर्जनाची उपमा सुचणे स्वाभाविक आहे. करी रोडपासून चालत जाण्याच्या अंतरावर १९३४ पासून 'लालबागचा राजा' बसतो, आणि अनंत चतुर्दशीनंतर ती मूर्ती समुद्रात जाते. रूप मात्र दरवर्षी तेच असते, कारण ते कांबळी घराण्याच्या हातात जतन झालेले आहे. कायमची स्मृती आणि पुसली जाणारी माती असा भेद येथेही करता येईल. पण उपमा एवढ्यावरच थांबते. विसर्जनात निरोपाबरोबर पुनरागमनाचे आवाहन असते आणि ते समूहाने केलेले असते. खेळातील 'होय' एकट्याचे असते, आणि गेलेल्याला परत बोलावण्याची भाषा त्यात नाही.

पुसणारा हात कोणाचा

'पोकेमॉन'चे जनक सातोशी ताजिरी यांचे बालपण टोकियोजवळच्या माचिदा येथे किडे गोळा करण्यात गेले. तेथील शेते आणि तळी पुढे इमारतींखाली गेली. किडे पकडण्याचा तो आनंद पुढच्या मुलांना मिळावा, ही या खेळामागील प्रेरणा असल्याचे त्यांनी स्वतः सांगितले आहे. म्हणजे ज्या खेळात विलोपनापूर्वी परवानगी विचारली जाते, त्याचा उगम कोणालाही न विचारता पुसल्या गेलेल्या भूभागात आहे.

करी रोडच्या वाचकाला हे निराळे समजावून सांगण्याची गरज नाही. १८ जानेवारी १९८२ रोजी सुरू झालेला गिरणी कामगारांचा संप औपचारिकरीत्या कधी मागे घेतला गेला नाही. तो जतन न करताच यंत्र बंद झाले. १९९१च्या विकास नियंत्रण नियमावलीतील गिरण्यांच्या जमिनींच्या त्रिभाजनाची तरतूद २००१ मध्ये बदलली गेली आणि महानगरपालिका व म्हाडा यांच्या वाट्याची जमीन आक्रसली. मार्च २००६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो बदल ग्राह्य धरला. चिमण्यांच्या जागी मनोरे आले. या प्रक्रियेला 'पुनर्विकास' म्हणतात, आणि 'पुनर्' या उपसर्गामुळे ती पुनरारंभासारखी भासते. हे साम्य लेखांतून आणि भाषणांतून इतके सहज वापरले जाते की त्यातील फसगत ध्यानात येत नाही. खेळात पुसले जाते ते पुसणाऱ्याचेच श्रम असतात. बाण त्याच्या हाती असतो, आणि तो आधी 'नाही'वर असतो. गिरणगावात श्रम एकाचे होते आणि बाण दुसऱ्याच्या हाती.

जयंत पवार यांचे 'अधांतर' (१९९७) हे नाटक या दृष्टीने पुन्हा वाचण्यासारखे आहे. संपानंतरच्या गिरणगावातील एका खोलीत अडकलेल्या कुटुंबाची ती कथा. त्यातील मुलगे आपापल्या परीने नवा डाव मांडू पाहतात. एकाला क्रिकेटची धुंदी आहे, एक टोळीच्या वाटेने जातो. परंतु आधीचे काय मोडले याचा हिशेब कोणी त्यांच्याशी केलेला नसतो. म्हणून त्यांच्या कोणत्याही आरंभाला आरंभाचे रूप येत नाही. स्वेच्छेने पुसल्याशिवाय पुनरारंभ होत नाही, हे तो खेळ ज्या तर्काने दाखवतो, तोच तर्क हे नाटक अभावाच्या बाजूने दाखवते. खेळाला नाटकाच्या पंक्तीला बसवण्याचा येथे हेतू नाही. 'अधांतर'मधील आईचे दुःख तीन बटणांत मावणारे नाही.

संगणकावर अनुकरणाने खेळताना कोणत्याही क्षणाची हवी तितकी प्रत ठेवता येते. तेथे 'पुसले जाईल, चालेल काय?' हा प्रश्न तसाच येतो, पण तो विचारण्यापुरता. त्या सोयीविषयी तक्रार करण्याचे कारण नाही; मात्र तेथे खेळला जाणारा खेळ समीक्षेच्या दृष्टीने वेगळी संहिता मानावा लागेल.

मूळ कार्ट्रिजांचे आयुष्य आता संपत आले आहे. आतील लिथियम सेल काही दशकांत उतरतो. १९९९च्या 'गोल्ड' आणि 'सिल्व्हर' या आवृत्त्यांत त्याच सेलवर घड्याळही चालत असल्याने तो आणखी लवकर संपतो. नवा सेल डाख देऊन बसवता येतो, पण जुना काढला की बदलती स्मृतीही जाते. ज्यांनी ती तीन बटणे कधीच दाबली नाहीत, बाण 'नाही'वरून कधी हलवला नाही, त्यांच्याही नोंदी अशा गेल्या आहेत. यंत्र सुरू केले की शीर्षक येते, संगीत वाजते, कायमच्या स्मृतीतील सारी गावे जागच्या जागी असतात. त्यानंतर जी छोटी यादी उघडते तीत 'नवा खेळ' असते. 'पुढे चालू' ही ओळ नसते.