लोप आणि अध्याहार

कथासमीक्षेत ‘अध्याहृत’ हा शब्द फार सैलपणे वापरला जातो. लेखकाने जे जे लिहिले नाही, ते ते सारे अध्याहृत असे म्हणून समीक्षक मोकळा होतो. शब्दाची व्युत्पत्ती पाहता हा प्रयोग आम्हांस मान्य करता येत नाही. ‘अधि’ आणि ‘आ’ हे उपसर्ग लागलेल्या ‘हृ’ धातूपासून हा शब्द झाला असून, वाक्यात नसलेले पद बाहेरून आणणे हा त्याचा अर्थ आहे. गाळतो लेखक, अध्याहार करतो वाचक.

लेखकाच्या बाजूचा शब्द ‘लोप’ होय. ‘लुप्’ धातूचा अर्थ तोडणे, हिरावून घेणे. म्हणूनच व्यवहारात लोप पावणे म्हणजे नाहीसे होणे. पाणिनीने मात्र अष्टाध्यायीच्या पहिल्याच पादात लोप म्हणजे केवळ न दिसणे असे ठरवले, आणि लुप्त प्रत्ययाचे कार्य चालूच राहते असेही लगोलग सांगितले. ‘अग्निचित्’ या शब्दात क्विप् प्रत्ययाचे एक अक्षरही उरत नाही. परंतु ‘चि’ धातूपुढचा ‘त्’ त्याच्यामुळेच आलेला असतो. पुढे अपवादही आहे. लुक्, श्लु, लुप् या संज्ञांनी प्रत्यय गेला, तर अंगावरील त्याचे कार्य होत नाही. जाऊनही असणे आणि नुसते जाणे, असा हा भेद आहे.

समीक्षेला हाच निकष पुरेसा आहे. शाळेत शिकलेला मध्यमपदलोपी समास आठवावा. ‘पुरणपोळी’तून ‘घालून केलेली’ ही पदे गेली, तरी शब्द उभा आहे तो त्यांच्याच बळावर. कथेतून गाळलेला प्रसंग उरलेल्या वाक्यांना असेच वळण देत असेल, तर तो लोप. देत नसेल, तर ती उणीव. त्या उणिवेस अध्याहाराचे नाव देऊन लेखकाचे काम वाचकाच्या माथी मारू नये.

परप्रांतातील आपल्या मासिकांना हा प्रश्न अधिक जवळचा आहे. अध्याहाराला लेखक-वाचकांची समान जाण लागते. पुरणपोळीचा विग्रह येथे शेजाऱ्यास सांगावा लागतो. उद्या तो आपल्याच मुलांस सांगावा लागेल. गाळलेले पद पुरवणारा वाचक उरला नाही, तर व्याकरणातील लोप व्यवहारातील लोप होऊन बसेल. म्हणून येथे लिहिणाऱ्याने काय गाळावे हे ठरवताना, ते कोण भरून काढणार आहे, याचाही विचार करणे अवश्य आहे.