विद्येचे नकाशे आणि सह्यांचा पुरावा

देशांतील शिक्षण व समाजस्थिति नकाशावर रंगवून दाखविण्याची पद्धत आतां सर्वत्र रूढ आहे. परंतु तो रंग ज्या कागदांवरून उतरला ते कागद तपासणारे थोडे. या पद्धतीचें उगमस्थान फ्रान्स. तेथील तीन प्रयत्नांचें परीक्षण या दृष्टीनें करण्याचें आम्हीं योजिलें आहे.

पहिला नकाशा शार्ल द्युपँ यांचा, इ. स. १८२६ चा. किती लोकवस्तीमागें एक मुलगा शाळेंत जातो, हें पाहून त्यांनीं प्रत्येक जिल्ह्यास कमीअधिक काळा रंग दिला. सँ-मालोपासून जिनीव्हापर्यंत रेघ ओढली असतां उत्तरेचा भाग उजळ व दक्षिणेचा काळा दिसला. चित्र ठसठशीत खरें. पण या मोजणींत मुली मुळींच नाहींत.

दुसरा प्रयत्न आंद्रे-मिशेल गेरी यांचा. इ. स. १८३३ च्या ग्रंथांत त्यांनीं १८२७–२९ च्या लष्करभरतींतील लिहितांवाचतां येणारे तरुण मोजून शिक्षणाचा नकाशा केला व तो गुन्ह्यांच्या नकाशाशेजारीं ठेविला. अज्ञान तेथें गुन्हे, ही समजूत त्यानें डळमळली. कारण मालमत्तेविरुद्धचे गुन्हे शिकलेल्या उत्तरेंतच अधिक निघाले. एका नकाशाची परीक्षा दुसऱ्यानें करावी, हा धडा मोलाचा आहे.

तिसरें काम लुई माज्योलो यांचें. दप्तरें चाळणाऱ्या आमच्या वाचकांस तेंच जवळचें वाटेल. १८७७ पासून सुमारें १६,००० शिक्षकांकरवीं त्यांनीं लग्नाच्या जुन्या नोंदवह्यांतील वधूवरांच्या सह्या मोजविल्या. १६८६–९० मध्यें शेंकडा २९ वर व १४ वधू सही करीत. १७८६–९० मध्यें हें प्रमाण ४७ व २७ झालें. द्युपँ यांची रेघ येथेंही उमटली. परंतु शिक्षकांचें साहाय्य ऐच्छिक असल्यामुळें कांहीं जिल्ह्यांतील गांवें फार थोडीं आलीं, मोठीं शहरें मागें राहिलीं, आणि पॅरिसच्या जुन्या वह्या तर १८७१ च्या आगींत जळाल्या होत्या. रंग मात्र सर्वत्र सारख्याच खात्रीचा दिसतो!

याहून मोठा प्रश्न सहीच्या अर्थाचा. त्या काळीं वाचन आधीं शिकवीत व लेखन मागाहून. १८६६ च्या खानेसुमारींत फक्त वाचतां येणारांचा निराळा रकाना होता. फ्युरे व ओझूफ यांनीं १९७७ च्या ग्रंथांत तो ताडून दाखविलें कीं, सही ही वाचन व लेखन या दोहोंची खूण म्हणून विश्वसनीय आहे. परंतु ब्रिटनींत व मध्य पठाराच्या दक्षिणेस प्रार्थनापुस्तक वाचणाऱ्या पुष्कळ स्त्रिया सहीच्या नकाशावर निरक्षर ठरतात.

आमच्या संग्राहकांनीं हें ध्यानीं धरावें. महजरांवरील नांगराची निशाणी निरक्षरतेची खूण म्हणून मोजूं गेल्यास हाच घोटाळा होईल; नांगर हें पाटिलकीच्या वतनाचें चिन्ह आहे. असा नकाशा आपल्याकडे कोणीं काढल्यास रंगाशेजारीं कागदांची संख्या व प्रकारही छापावा, एवढीच आमची सूचना आहे.