‘तारे जमीन पर’ आणि जव्हार-मोखाड्याचा विद्यार्थी

‘तारे जमीन पर’ हा हिंदी बोलपट २००७ सालच्या डिसेंबर महिन्यांत पडद्यावर आला. त्याला आतां बरींच वर्षें लोटलीं, तरी सुशिक्षित घरांतून त्याचें नांव निघालें कीं डोळे ओलावल्याखेरीज राहत नाहींत. अमोल गुप्ते यांचें लेखन, आमीर खान यांचें दिग्दर्शन आणि दर्शील सफारी या बालनटाचा अभिनय यांचा असा मेळ जमला कीं, वाचन-लेखनाच्या एका जन्मजात अडचणीला ‘डिस्लेक्सिया’ म्हणतात ही गोष्ट ज्या घरांना ठाऊकहि नव्हती, त्यांना ती एका दुपारीं कळली. हें ऋण मान्य करूनच आम्ही पुढील टीका करीत आहों. ज्या कलाकृतीनें समाजाचे डोळे उघडले तिनें त्या डोळ्यांना कोणत्या दिशेस पाहावयास लावलें, हें विचारण्याचा अधिकार टीकाकाराला असतो. किंबहुना तें त्याचें कर्तव्यच होय.

कथानक वाचकांच्या परिचयाचें आहे. ईशान अवस्थी हा तिसऱ्या इयत्तेंतला मुलगा. वर्गांत उभें करून त्याला वाचावयास सांगतात, तेव्हां तो म्हणतो कीं अक्षरें नाचत आहेत. बाई नाचणारींच अक्षरें वाच म्हणून दटावतात, मुलें हंसतात, आणि स्वारीची रवानगी वर्गाबाहेर होते. हा प्रसंग क्षणांत संपतो. आमच्या मतें मात्र साऱ्या कथेचें मर्म त्यांतच आहे. शास्त्रज्ञ सांगतात कीं, या अडचणींत अक्षर आणि ध्वनि यांची सांगड घालणें हेंच मुख्यतः जड जातें. त्या दृष्टीनें ईशानचें वर्णन शास्त्रशुद्ध नसेल. परंतु साक्ष म्हणून तें खरें आहे. पुढें निकुंभ नांवाचे चित्रकलेचे शिक्षक वह्या चाळून आणि आईबापांची समजूत घालून जें सिद्ध करतात, त्याची पहिली खबर त्या मुलानेंच दिली होती. ती ऐकून घेणारा कान तेवढा नव्हता.

येथून पुढें कथेनें दोन वाटांपैकीं कोणती घ्यावी, हा कलेचा प्रश्न होता. एक वाट अशी कीं, ज्या मुलाचें खरें बोलणें एकदां उद्धटपणांत जमा झालें त्याला तेंच पुन्हां, अधिक नेमक्या शब्दांत, बोलण्याचें बळ यावें. दुसरी वाट अशी कीं, त्याच्या वतीनें बोलणारा कोणी सज्जन भेटावा. चित्रपटानें दुसरी वाट धरली. मुख्याध्यापकांकडे जाऊन मुलाची परीक्षा तोंडी घ्या असें सांगतात ते निकुंभ. मुंबईस जाऊन बापाला वह्यांतल्या चुकांचा अर्थ उलगडून दाखवितात तेहि निकुंभच. ईशान वाचूं लागतो, चित्र काढतो, बक्षीस मिळवितो. पण मला काय कळतें, काय अडतें आणि काय हवें, हीं चार वाक्यें तो शेवटपर्यंत कोणाजवळ बोलत नाहीं. शेवटच्या दृश्यांत शिक्षक त्याला उचलून आभाळाकडे उंच झेलतात. प्रेक्षकांचा कंठ दाटून येतो. परंतु आपल्यापुढें उरतें तें दुसऱ्याच्या हातांवर तोललेल्या नायकाचें चित्र, स्वतःच्या पायांवर उभ्या राहिलेल्या नायकाचें नव्हे.

ऐकणारा कान असला म्हणजे काय घडतें, याचें उदाहरण या विषयाच्या जन्मकथेंतच आहे. १८९६ सालीं प्रिंगल मॉर्गन या इंग्रज डॉक्टरानें ‘ब्रिटिश मेडिकल जर्नल’मध्यें पर्सी नांवाच्या चौदा वर्षांच्या मुलाची हकीकत छापली. मुलगा हुषार होता. पण वर्षानुवर्षें शिकवूनहि त्याला वाचतां येईना. स्वतःचें नांवसुद्धां तो अक्षरांची अदलाबदल करून लिही. शिक्षण सारें तोंडी असतें तर हा शाळेंत सर्वांत हुषार ठरला असता, असें त्याच्या शिक्षकांचें मत त्या लेखांत दिलें आहे. पण त्याहून मोलाची गोष्ट ही कीं, गणित आपल्याला आवडतें, छापील शब्दांचा मात्र कांहीं बोध होत नाहीं, हें मुलाचें स्वतःचें सांगणें डॉक्टरानें नोंदवून ठेवलें. आमच्या म्हणण्याचा गाभा हाच आहे. अध्ययन-अक्षमतेच्या बाबतींत विद्यार्थ्याचें निवेदन ही नुसती मागणी नव्हे, तो पुरावा आहे. म्हणून विद्यार्थ्याला स्वतःचा कैवार स्वतः घ्यावयास शिकविणें हा शिक्षणावर चढविलेला अलंकार नसून निदानाचाच पहिला भाग आहे.

शहरांतल्या सुखवस्तु घरांत हा भेद कदाचित् फारसा जाणवणार नाहीं. तेथें आई जवळ आहे, डॉक्टर जवळ आहे, १९९६ सालीं मुंबईंत स्थापन झालेल्या महाराष्ट्र डिस्लेक्सिया असोसिएशनसारखी संस्था आहे. एक निकुंभ न भेटला तर दुसरा भेटेल. परंतु एखाद्या तत्त्वाची पारख करावयाची, तर जेथें आधार सर्वांत थोडे तेथें तें नेऊन पाहावें. पालघर जिल्ह्यांतील जव्हार आणि मोखाडा हे डोंगरी तालुके घ्या. २०११ च्या खानेसुमारीप्रमाणें तेथील दर दहा माणसांत नऊ आदिवासी आहेत: वारली, कोकणा, महादेव कोळी, ठाकूर, कातकरी. घरांत बोलतात ती त्यांची त्यांची बोली. पुस्तकांत भेटते ती प्रमाण मराठी. भाताचें आणि नागलीचें काम संपलें कीं पुष्कळ कुटुंबें वीटभट्ट्यांवर मजुरीसाठीं भिवंडी-वसईकडे उतरतात आणि मुलांची शाळा मधेंच तुटते. नाहीं तर मुलें आश्रमशाळेंत राहतात, म्हणजे त्यांच्या वतीनें बोलणारे आईबाप कोसांवर राहतात.

आतां अशा वर्गांत एक मूल वाचतांना अडखळतें. त्याचें कारण बोली निराळी हें, शाळा बुडाली हें, पोटांत अन्न नाहीं हें, कीं अध्ययन-अक्षमता हें? बाहेरून चारी कारणें सारखींच दिसतात, आणि चोहोंवर शेरा एकच बसतो: ढ. शहरी मुलांवर बेतलेल्या चाचण्या येथें कितपत लागू पडतील, याची शंकाच आहे. पण त्याच मुलाला असें म्हणतां आलें कीं, ‘माझ्या बोलींत सांगितलें तर मला सारें समजतें, पण माझ्याच बोलींतला शब्द लिहून दाखविला तरी तो मला वाचतां येत नाहीं’, तर निम्मी गुंतागुंत सुटते. पहिल्या वाक्यानें बुद्धीविषयींची शंका मिटते, दुसऱ्यानें बोलीविषयींची. हीं वाक्यें कोणत्याहि दवाखान्यांत तयार मिळत नाहींत. तीं त्या मुलापाशींच असतात.

कायद्यानें दार बंद ठेवलेलें नाहीं. १९९५ च्या कायद्यांत अपंगत्वाचे सातच प्रकार होते. २०१६ च्या दिव्यांग व्यक्ति हक्क कायद्यानें ते एकवीस केले आणि त्यांत विशिष्ट अध्ययन-अक्षमतेला स्थान दिलें. अशी अडचण लवकरांत लवकर हुडकून काढावी, हें शाळांचें कर्तव्य म्हणून त्यांत नमूद आहे. शालान्त परीक्षेंत अधिक वेळ, लेखनिक यांसारख्या सवलतीहि मिळूं शकतात. पण सवलत मिळते ती मागणाऱ्याला आणि प्रमाणपत्र दाखविणाऱ्याला. ज्याला आपल्या अडचणीचें नांवच ठाऊक नाहीं, तो अर्ज कशाचा करणार? महाविद्यालयांत शिकविणाऱ्या आमच्यासारख्यांच्या वर्गांत हे विद्यार्थी बहुधा येतच नाहींत. आमच्यापर्यंत पोंचण्याआधींच ते गळलेले असतात, आणि आम्ही मात्र पुढें बसलेल्यांवरून विद्यार्थिवर्गाची कल्पना करतों.

यावर दोन आक्षेप येतील. पहिला असा कीं, मोठ्यांनीं करावयाचें काम आपण पोराच्या डोक्यावर लादीत आहों. आक्षेप विचारार्ह आहे. शाळेचें कर्तव्य विद्यार्थ्याच्या मागणीनें सुरू होत नाहीं, आणि मागणी आली नाहीं म्हणून तें संपतहि नाहीं. परंतु चांगला शिक्षक बदलून जातो, चांगला कायदा कपाटांत राहतो; मुलाबरोबर एका वर्गांतून दुसऱ्या वर्गांत जातें तें त्याचें स्वतःचें बोलणेंच. खुद्द निकुंभ हे हंगामी शिक्षक होते, हें चित्रपटाच्या चाहत्यांनीं आठवावें.

दुसरा आक्षेप असा कीं, डोंगरांतलीं मुलें बुजरीं. तीं कसचीं बोलणार? याचें उत्तर मराठी वाङ्मयांतच आहे. गोदावरी परुळेकर यांचें ‘जेव्हा माणूस जागा होतो’ हें १९७० सालीं प्रसिद्ध झालेलें पुस्तक याच भागांतल्या डहाणू-उंबरगांवकडील वारल्यांचें आहे. २३ मे १९४५ रोजीं झरी येथें जमलेल्या वारल्यांनीं वेठीला नकार दिला आणि रोजीं बारा आणे मजुरी मागितली. तेथेंहि परुळेकर पतिपत्नी बाहेरूनच आलेलीं. परंतु त्यांच्या कामाची सिद्धि त्यांनीं किती भाषणें केलीं यांत नसून, जमीनदारापुढें मान खालीं घालणारा माणूस ‘नाहीं’ म्हणूं लागला यांत आहे. पुस्तकाच्या नांवांतला जागा होणारा माणूस लेखिका नव्हे, वारली आहे. ‘तारे जमीन पर’मध्यें जागा होतो तो बाप, जागी होते ती शाळा, मुलगा तर आधींपासूनच जागा होता.

हें शिकवावयाचें कसें, यांत गूढ कांहीं नाहीं. मुलानें आपली अडचण प्रथम घरच्या बोलींत सांगावी आणि शिक्षकानें ती भाषा न सुधारतां ऐकावी. परक्या भाषेंत कैफियत मांडावयास लावणें म्हणजे दुहेरी परीक्षा घेणें होय. मग, तूं मठ्ठ नाहींस, वाचन तुला जड जातें, त्याला नांव आहे आणि त्यावर उपायहि आहेत, हें त्याला स्पष्ट सांगावें. त्यानंतर मागणी नेमकी करावयास शिकवावें: ‘गुरुजी, प्रश्न मला वाचून दाखवा’, ‘उत्तर तोंडी सांगूं का?’, ‘फळ्यावरचें उतरून घ्यावयास अंमळ जास्त वेळ द्या.’ आणि अशी मागणी केल्यानें शिक्षा होत नाहीं, हा अनुभव त्याला रोज यावा. मुलांना बोलावयास शिकवून शिक्षकांना ऐकावयास न शिकविणें ही निव्वळ फसवणूक होय. याच जिल्ह्यांत कोसबाडला ताराबाई मोडक आणि अनुताई वाघ यांनीं शाळा मुलांच्या अंगणांत आणि गुरांच्या कुरणांत नेली. आतां ती त्यांच्या बोलण्यापर्यंत न्यावयाची आहे.

एका मोहापासून मात्र सावध राहावें. ईशानची सुटका चित्रकलेनें होते. ज्या जिल्ह्यांतून जिव्या सोमा म्हसे यांच्यासारख्या चित्रकारांनीं वारली चित्रकला जगापुढें नेली, तेथें ‘वाचतां येत नाहीं, तर चित्रें काढूं दे’ हें उत्तर फार सहज सुचेल. चित्रकला थोरच, पण असामान्य गुण दाखविल्यावरच सामान्य हक्क मिळावा, हा न्याय कोणता? ज्या मुलाला ना चित्र येतें ना गाणें, त्यालाहि प्रश्न वाचून दाखविला गेलाच पाहिजे.

‘तारे जमीन पर’ हा चांगला चित्रपट आहे, आणि प्रत्येक शिक्षकानें तो पाहावा असेंच आम्ही म्हणूं. मात्र आपण निकुंभ कसें व्हावें, येवढाच विचार करून त्यानें थांबूं नये. जव्हार-मोखाड्याच्या प्रत्येक शाळेला एकेक निकुंभ मिळेपर्यंत वाट पाहत बसलों, तर आणखी कित्येक मुलें ‘ढ’ हा शेरा घेऊन वीटभट्टीवर जातील. ईशान वर्गांत जें बोलला तें ऐकून, ‘बरें, मग तुला कसें सांगूं म्हणजे समजेल?’ असें विचारणारी एखादी साधी शिक्षिका त्या शाळेंत असती, तर पुढची सारी कथा घडलीच नसती. ती न घडणें, हेंच शिक्षणाचें यश.